आपल्या मनाच्या धनीण पंडिता रमाबाई

आपल्या मंडळाच्या वर्धापनदिनाची स्मरणिका काढायचे ठरले, तेव्हा काही जणींनी एकेका थोर स्त्रीचे चरित्र लिहून द्यावे असे बैठकीत सांगण्यात आले. जिजाबाई, अहिल्याबाई, सावित्रीबाई ही नावे पहिल्या पाच मिनिटांतच वाटली गेली. पंडिता रमाबाईंचे नाव निघाले तेव्हा मात्र सगळ्या गप्प बसल्या. बाई विद्वान होती खरी, पण तिने धर्म सोडला, असे एक जण म्हणाली. दुसरी म्हणाली की लग्नसुद्धा जातीबाहेर केले. मग मीच म्हटले की मी लिहिते. माझे शिक्षण सातवीपर्यंतचे. हिशोबाची वही आणि देवाच्या पोथ्या याखेरीज लिहिण्यावाचण्याचा सराव नाही. तेव्हा भगिनींनी चुका पदरात घ्याव्यात. हे नाव मी का घेतले याला एक घरगुती कारण आहे, ते पुढे सांगेन.

आपल्या शेवगाव तालुक्याच्या उत्तरेला गोदावरी आहे. आता तिथे नाथसागराचे पाणी पसरले आहे, आणि त्या पाण्याखाली गेलेल्या गावांच्या लेकी आपल्यापैकी कित्येकींच्या जावा-नणंदा आहेत. याच गोदावरीच्या काठी, एका क्षेत्राच्या ठिकाणी, रमाबाईंच्या आईचे लग्न ठरले. एक गृहस्थ बायको आणि दोन मुली घेऊन तीर्थयात्रेला निघाले होते. सकाळी नदीवर स्नानाला गेले असता त्यांना एक भारदस्त शास्त्री दिसले. त्यांनी जात, गोत्र विचारले. शास्त्री विधुर आहेत असे कळताच आपली नऊ वर्षांची मोठी मुलगी त्यांना देऊ केली. शास्त्रीबुवांचे वय चाळिशीच्या पुढचे. तासाभरात बोलणी झाली, दुसऱ्या दिवशी लग्न लागले, आणि तिसऱ्या दिवशी आईबाप दुसऱ्या मुलीला घेऊन पुढच्या तीर्थाला निघून गेले. पोर शेकडो मैल लांब गेली. तिला कोणी विचारले नाही, आणि विचारून नऊ वर्षांच्या पोरीला कळणार तरी काय होते! रमाबाईंनी ही हकीकत पुढे आपल्या इंग्रजी पुस्तकात स्वतः लिहिली आहे, आणि त्यात बापाच्या वागण्याला दोषही दिला आहे. पोर चांगल्या हाती पडली, हेही त्यांनी नमूद केले आहे. पण चांगल्या हाती पडणे हा नशिबाचा भाग झाला, हे वाचणाऱ्या बाईला सांगावे लागत नाही.

ते शास्त्री म्हणजे अनंतशास्त्री डोंगरे. तरुणपणी पुण्यात पेशव्यांच्या वाड्यात त्यांनी पेशव्यांच्या पत्नीला संस्कृत श्लोक म्हणताना ऐकले होते, आणि आपणही बायकोला शिकवायचे हे तेव्हापासून त्यांच्या मनात बसले होते. पहिल्या बायकोच्या वेळी घरच्यांनी ते होऊ दिले नाही. ही दुसरी, लक्ष्मीबाई, मात्र शिकली. बायकोला देवभाषा शिकवली म्हणून शास्त्रीबुवांना उडुपीच्या धर्मसभेपुढे उभे राहावे लागले. तिथे त्यांनी शास्त्राचेच आधार दाखवले. तरी गावात राहणे सुखाचे नव्हते, म्हणून कर्नाटकात पश्चिम घाटातल्या गंगामूळच्या रानात त्यांनी घर केले. तिथे २३ एप्रिल १८५८ रोजी रमाबाईंचा जन्म झाला. येणाऱ्याजाणाऱ्या यात्रेकरूंना आणि विद्यार्थ्यांना जेवू घालता घालता घर कर्जात बुडाले, आणि रमा सहा महिन्यांची असताना सगळे कुटुंब वाटेला लागले. तान्ह्या रमेला वेताच्या पेटाऱ्यात घालून नेले.

पुढची सोळा वर्षे वाटेवरच गेली. देवळात बसून पुराण सांगावे, लोक देतील ते घ्यावे. घरच नाही तर शाळा कुठली! आईने पहाटेच्या अंधारात, बाकीची कामे सुरू होण्याआधी, मुलीला जवळ घेऊन श्लोक पाठ करवले. बाराव्या वर्षापर्यंत पुराणांतले अठरा हजार श्लोक तिला तोंडपाठ होते. मला हरिपाठाचे सगळे अभंग यायला लग्नानंतरची दहा वर्षे लागली, म्हणून ही संख्या मी पुन्हा पुन्हा वाचली.

थोरल्या बहिणीचे लग्न रीतीप्रमाणे लहानपणी झाले आणि ते नीट निभावले नाही. त्या चटक्यामुळे बापाने रमेचे लग्न लांबवले. एका मुलीचे वाटोळे झाले तेव्हा दुसरीला मोकळीक मिळाली, असे आजही कित्येक घरांत होते.

मग दुष्काळ आला. दक्षिणेत १८७० नंतर पडलेले ते दुष्काळ फार मोठे होते. आमच्या सासूबाई १९७२ च्या दुष्काळात खडी फोडायला जात, त्यांच्या तोंडून सुकडी आणि लाल मिलोची गोष्ट मी शंभरदा ऐकली आहे. पण तेव्हा सरकारी कामे होती. या ब्राह्मण कुटुंबाला अंगमेहनतीचे काम येत नव्हते आणि मागायची लाज वाटत होती. जवळचे दागिने, भांडी, चांगली लुगडी सगळे गेले. रानातला पाला खाऊन दिवस काढले. आधी वडील गेले, मग आई, मग बहीण. आईचे प्रेत न्यायला खांदेकरी मिळेनात. मोठ्या मिनतवारीने दोन माणसे आली, भाऊ एका बाजूला लागला, आणि चौथी जागा रमाबाईंनी भरली. उंची कमी म्हणून तिरडीचे टोक त्यांनी डोक्यावर घेतले. बायकांनी स्मशानात जाऊ नये असे आपण म्हणतो, पण खांदा द्यायला माणूस नसला की कुठले नियम राहतात?

बहीणभाऊ हजारो मैल पायी हिंडले. पंजाबात झेलम नदीच्या काठी थंडीत पांघरूण नव्हते, म्हणून वाळूत खड्डे करून गळ्यापर्यंत वाळू ओढून ते रात्री निजत. असे करत १८७८ साली ते कलकत्त्याला पोचले. तिथल्या पंडितांनी या वीस वर्षांच्या मुलीची परीक्षा घेतली आणि तिला पंडिता आणि सरस्वती अशा पदव्या दिल्या. ब्राह्मसमाजाचे केशवचंद्र सेन यांनी तिच्या हातात वेद ठेवले. बायकांनी वेद वाचू नये असे ती तोपर्यंत धरून होती. सगळा शास्त्रार्थ पाठ असलेल्या मुलीलाही कुणीतरी पुस्तक हातात देईपर्यंत ते आपले आहे असे वाटत नव्हते, याचे मला फार नवल वाटते.

१८८० साली डाक्क्याला भाऊही गेला. आता सगळ्या जगात तिचे म्हणून कोणी उरले नाही. त्याच वर्षी रमाबाईंनी बिपिन बिहारी दास मेधावी या बंगाली वकिलाशी लग्न केले. ते आसामात सिल्चरला वकिली करत. भाषा वेगळी, प्रांत वेगळा, आणि जातीने त्या काळच्या हिशोबात शूद्र. हे लग्न पाटण्याजवळच्या बांकीपूरला सरकारी नोंदणीने झाले. होम नाही, सप्तपदी नाही.

या नोंदणीविषयी मी थोडे अधिक लिहिणार आहे, कारण आपल्याला वाटते की असली लग्ने हल्लीच निघाली. १८७२ साली सरकारने एक कायदा केला होता, त्या सालचा तिसरा. वेगवेगळ्या जातीच्या माणसांना त्याखाली लग्न करता येई. कचेरीत चौदा दिवस आधी नोटीस द्यायची, आणि निबंधकापुढे तीन साक्षीदार हवेत. एकवीस वर्षांखालच्यांना बापाची किंवा पालकाची संमती लागे. एकवीस पूर्ण झालेल्यांना लागत नसे. रमाबाईंना बावीस पूर्ण झाली होती. त्यांना संमती द्यायला पालक उरलेलाच नव्हता, आणि कायद्याने तो लागतही नव्हता. मात्र एक जाचक अट होती. आपण हिंदू नाही, मुसलमान नाही, ख्रिस्ती नाही, कुठल्याच ठरावीक धर्माचे नाही, असे वधूवरांना लिहून द्यावे लागे. म्हणजे मनाजोगता जोडीदार हवा तर धर्म आधी उंबऱ्याबाहेर ठेवायचा! ही अट हिंदूंपुरती १९२३ साली सैल झाली, आणि १९५४ च्या विशेष विवाह कायद्याने पुरती गेली. आता ज्याचा धर्म त्याच्यापाशी ठेवून लग्न करता येते. साक्षीदार मात्र अजून तीनच लागतात, आणि नोटीस चौदा दिवसांऐवजी तीस दिवस कचेरीत लागते.

आता ते घरगुती कारण सांगते. माझ्या बहिणीची मुलगी तेवीस वर्षांची, नर्सिंग शिकलेली, स्वतःच्या पगारावर उभी. तिने दुसऱ्या धर्माच्या मुलाशी नोंदणीने लग्न करायचे ठरवले. दोघांनीही आपापला धर्म ठेवायचा असे त्यांचे ठरले होते. नोटीस लागल्याचे कुणीतरी गावात पोचवले, आणि बहिणीच्या घरी चूल पेटेना. अशा वेळी पोरीने मला फोन केला. दोन साक्षीदार तिच्या मैत्रिणी होत्या, तिसरी मावशी असावी अशी तिची इच्छा होती. मी येते म्हटले. त्या दिवशी पहाटे उठून पातळ नेसले, आणि एस.टी. स्टँडवरून घरी परत आले. बहीण काय म्हणेल, दीर काय म्हणतील, मंडळातल्या बायका काय म्हणतील, एवढेच मनात होते. तिची काही चूक आहे असे मला तेव्हाही वाटले नव्हते. त्यानंतर मी वाचनालयातून रमाबाईंचे चरित्र आणले. देवदत्त टिळकांनी ते १९६० साली लिहिले आहे. बांकीपूरच्या कचेरीत कायद्याप्रमाणे तीन माणसे उभी राहिली असतीलच, हे वाचताना मी तिथेच अडले. असो.

रमाबाईंचा संसार दोन वर्षेही टिकला नाही. एप्रिल १८८१ मध्ये मुलगी झाली, तिचे नाव मनोरमा. फेब्रुवारी १८८२ मध्ये पटकीने नवरा गेला. पण त्या थोड्या दिवसांतली एक गोष्ट विसरण्यासारखी नाही. नवऱ्याच्या पुस्तकांत त्यांना लूकच्या शुभवर्तमानाचे बंगाली पुस्तक सापडले. एक मिशनरी घरी येऊन समजावून सांगू लागला. रमाबाईंना ते आवडू लागले. नवरा मिशनच्या शाळेत शिकलेला, जातपात न मानणारा, स्वतः जातीबाहेर लग्न केलेला. तरी बायको ख्रिस्ती होऊ म्हणते असे दिसताच तो रागावला, आणि त्या माणसाचे घरी येणे बंद करायला निघाला. आपल्या पसंतीचा नवरा मिळाला म्हणजे सगळे स्वातंत्र्य मिळाले, असे नसते. जोडीदार निवडणे एक आणि देव निवडणे दुसरे. पहिल्याला हो म्हणणारा माणूस दुसऱ्याला नाही म्हणू शकतो.

विधवा रमाबाई तान्ही मुलगी घेऊन १८८२ साली पुण्याला आल्या. तिथे त्यांनी आर्य महिला समाज काढला. आपल्यासारख्या मंडळांची ती थोरली आजीच म्हणायची. न्यायमूर्ती रानड्यांच्या पत्नी रमाबाई तिथे जात, त्यावरून त्यांना घरच्या वडीलधाऱ्या बायकांची किती बोलणी खावी लागली हे त्यांनी आपल्या आठवणींत लिहून ठेवले आहे. त्याच वर्षी शिक्षणाच्या चौकशीसाठी आलेल्या हंटर कमिशनपुढे पंडिताबाईंनी बायकांना शिक्षिका आणि डॉक्टर बायका हव्यात अशी साक्ष दिली. स्वतः डॉक्टर व्हावे असे त्यांच्या मनात होते. म्हणून स्त्रीधर्मनीति हे पुस्तक लिहून त्याच्या पैशांतून बोटीचे भाडे उभे केले आणि १८८३ साली विलायतेला गेल्या. कानांनी कमी ऐकू येऊ लागले म्हणून डॉक्टरी राहिली ती राहिलीच.

जाताना आपण ख्रिस्ती होणार नाही असे त्या सांगून गेल्या होत्या. २९ सप्टेंबर १८८३ रोजी वाँटेज गावच्या मठात त्यांनी मुलीसह बाप्तिस्मा घेतला. त्याआधी थोडेच दिवस एक भयंकर गोष्ट घडली होती. सोबत गेलेल्या आनंदीबाई भगत यांना आपल्याला जबरदस्तीने बाटवतील अशा भीतीने भ्रम झाला, त्यांनी रमाबाईंचा गळा दाबू पाहिला आणि मग स्वतःचा जीव दिला. परक्या मुलखात, परक्या लोकांच्या अन्नावर असताना मनाची काय दशा होते याची कल्पना करावी. त्यानंतर रमाबाईंनी जे केले ते खुशीने केले की एकटेपणाने केले, असे लोक तेव्हाही विचारत. पुढची त्यांची वागणूक पाहता ते त्यांच्या स्वतःच्या बुद्धीने केलेले होते, असे मला वाटते. कारण बाप्तिस्मा घेतल्यावर त्या मुकाट बसल्या नाहीत. मठातल्या त्यांच्या गुरुभगिनी जेराल्डिन सांगतील ते सगळे मानायला त्यांनी नकार दिला. एका देवात तीन कसे, अमुक मानले नाही तर नरक कसा, असे त्या पत्रांतून भांडत राहिल्या. चेल्टनहॅमच्या कॉलेजात त्यांनी तरुण पुरुषांना शिकवू नये असे बिशपांचे मत पडले, त्यावरही त्या चिडल्या. एका भटजींचा जाच सोडून दुसऱ्या भटजींच्या हाताखाली जायचे नाही, असा तो बाणा होता. ख्रिस्ती लोकांनाही ही बाई सोपी गेली नाही, हे तिला नावे ठेवणाऱ्यांनी ध्यानात घ्यावे.

इकडे पुण्यात गहजब झाला. ज्यांनी डोक्यावर घेतले होते त्यांनीच खाली टाकले. बाजू घेतली ती जोतीराव फुले यांनी. १८८५ साली सत्सार नावाच्या छोट्या पुस्तकांतून त्यांनी रमाबाईंच्या धर्मांतराचे समर्थन केले. जोतीराव स्वतः ख्रिस्ती झाले नाहीत. पण शास्त्रे वाचून ज्या बाईला ती पटली नाहीत तिला ती सोडण्याचा हक्क आहे, हे त्यांना समजले. कायद्यानेही त्यांचे काही अडत नव्हते. धर्म बदलला किंवा जातीने टाकले म्हणून कोणाचा वारसाहक्क जाणार नाही, असा कायदा १८५० सालीच झाला होता. अर्थात रमाबाईंना वारसाने मिळण्यासारखे काही नव्हतेच.

१८८६ साली डॉक्टर आनंदीबाई जोशी यांच्या पदवीदानासाठी त्या अमेरिकेला गेल्या. तिथे १८८७ मध्ये त्यांचे ते इंग्रजी पुस्तक निघाले, उच्च जातीच्या हिंदू स्त्रीच्या स्थितीवरचे. त्यात त्यांनी मुंबईच्या रखमाबाईंच्या खटल्याबद्दल कळकळीने लिहिले आहे. रखमाबाईंचे लग्न अकराव्या वर्षी झाले होते. मोठे झाल्यावर त्यांनी त्या नवऱ्याकडे नांदायला जायचे नाकारले. नवऱ्याने १८८४ साली फिर्याद केली. पहिला निकाल त्यांच्या बाजूने, पण १८८७ साली निकाल असा लागला की नांदायला जा, नाहीतर सहा महिने तुरुंगात जा. रखमाबाई तुरुंगाला तयार झाल्या! दुसऱ्या वर्षी तडजोड झाली, आणि पुढे त्या डॉक्टर झाल्या. लहानपणी लावलेल्या गाठीला मोठेपणी नाही म्हणता येते का, एवढाच तो प्रश्न, पण साऱ्या मुलखात त्यावर वाद पेटला होता.

अमेरिकेतल्या लोकांनी दहा वर्षे पैसे देण्याचे कबूल केले, आणि रमाबाईंनी ११ मार्च १८८९ रोजी मुंबईला विधवांसाठी शारदा सदन काढले. पुढच्या वर्षी ते पुण्याला आणले. तिथे कोणत्याही धर्माची सक्ती करायची नाही असा करार होता. सदनातली पहिली विधवा गोदूबाई, कोकणातल्या जोश्यांची. तिने तिथे राहून आपली व्रते, उपास चालू ठेवले. १८९३ च्या मार्चमध्ये तिने धोंडो केशव कर्वे यांच्याशी पुनर्विवाह केला. कर्व्यांना मुरूडच्या लोकांनी वाळीत टाकले, ते आपल्याला ठाऊक आहे. पण विधवाविवाहाच्या १८५६ च्या कायद्यात एक कलम होते, ते फारसे कोणी सांगत नाही. विधवा वयात आलेली असेल तर लग्नाला तिची स्वतःची संमती पुरे, बापाची नको, भावाची नको. शंभर वर्षांहून जुना कागद, पण त्यात बाईचे तोंड तिच्याच हाती दिले होते.

त्याच १८९३ साली सदनावर मोठे वादळ आले. रमाबाई सकाळी आपल्या खोलीत प्रार्थना करत, दार उघडे असे, आणि काही मुली येऊन बसत. केसरीने टीकेची झोड उठवली. सल्लागार मंडळातल्या रानडे, भांडारकर अशा मोठ्या माणसांनीही अंग काढून घेतले. पालकांनी पंचवीस एक मुली काढून नेल्या. दार लावून घ्या, एवढेच लोकांचे म्हणणे होते. रमाबाईंनी दार लावले नाही. मी कोणाला बोलावत नाही, पण येणारीला हाकलणारही नाही, असा त्यांचा हट्ट.

या ठिकाणी माझे मन दोन्हीकडे ओढते, आणि ते लपवून लिहिणे बरे नव्हे. ज्या मुलीला बाहेर कोणी विचारत नाही, जिची भाकरी त्याच घरात आहे, ती उघड्या दारातून आत गेली तर ती निवड कितपत तिची? त्यातून ती मुलगी दहा-बारा वर्षांची असेल तर? पालकांना धास्ती वाटली यात गैर काय होते? रमाबाईंच्या बाजूने एवढेच म्हणता येते की गोदूबाईसारखी उघड्या दारासमोर राहूनही आपले उपास करणारी होती, आणि तिला कोणी हात लावला नाही. पण दुसरीकडूनही पाहावे. ज्या घरात त्या मुलींचे केस काढले गेले, एक वेळचे जेवण आले, तिथेही भाकरी दुसऱ्याच्याच हाती होती. तिथल्या धर्मात त्या राहिल्या ती तरी निवड कुठे होती! सज्ञान बाई म्हणजे नुसते वय नव्हे, पोटापुरते हातात असणे हेही त्यात आले. रमाबाई मुलींना शिवण, विणकाम, दवाखान्याची कामे, शिकवणे हे सगळे शिकवत होत्या ते याचसाठी.

असेच एक उदाहरण आपल्या जिल्ह्यातले आहे. कवी नारायण वामन टिळक १८९५ साली मुंबईत ख्रिस्ती झाले. लक्ष्मीबाई टिळक झाल्या नाहीत. त्या रडल्या, भांडल्या, वेगळ्या राहिल्या, सोवळे पाळत राहिल्या. टिळकांनी त्यांच्यावर जबरदस्ती केली नाही. नगर-राहुरीकडे राहताना त्यांचे त्यांनाच एकेक उमजत गेले, आणि पाच वर्षांनी, १९०० साली, त्यांनी आपल्या मनाने बाप्तिस्मा घेतला. ज्या चरित्राने मला हे लिहायला लावले ते लिहिणारे देवदत्त टिळक हे त्यांचेच चिरंजीव.

पुढची हकीकत थोडक्यात सांगते. १८९६-९७ च्या दुष्काळात रमाबाई मध्यप्रांतात गेल्या आणि अनाथ मुली, विधवा घेऊन आल्या. लहानपणी त्या स्वतः उपाशी हिंडल्या होत्या, त्यांना घरी बसवणे शक्य नव्हते. पुण्यात प्लेग आला तेव्हा या मुलींना त्यांनी केडगावच्या आपल्या शेतावर नेले. (हे केडगाव दौंड तालुक्यातले. नगरजवळच्या केडगावशी घोटाळा करू नये, मी आधी केला होता.) तिथे मुक्तिसदन उभे राहिले. १९०० च्या दुष्काळात गुजरातेतूनही मुली आल्या आणि संख्या दोन हजारांच्या घरात गेली. ते काम उघड ख्रिस्ती होते, करारातली दहा वर्षे संपली होती. विहिरी, शेती, विणकाम, छापखाना, आंधळ्यांसाठी शाळा, सगळे बायकांच्या हातचे. रमाबाई मात्र शेवटपर्यंत पांढरे लुगडे नेसल्या, मांसाहार केला नाही, आणि बायबल सोप्या मराठीत आणायचे म्हणून उतारवयात हिब्रू आणि ग्रीक शिकल्या. १९१९ साली सरकारने कैसर-ए-हिंद पदक दिले. २४ जुलै १९२१ रोजी मनोरमा गेली. ५ एप्रिल १९२२ रोजी रमाबाई गेल्या. त्यांचे बायबल केडगावच्या बायकांनी छापून १९२४ साली बाहेर आणले. १९८९ साली भारत सरकारने त्यांच्या नावाचे टपाल तिकीट काढले.

इतक्या वर्षांनी हे प्रश्न मिटले असतील असे वाटेल. पण केरळातल्या एका चोवीस-पंचवीस वर्षांच्या विद्यार्थिनीने धर्म बदलला आणि आपल्या पसंतीने लग्न केले, तेव्हा बापाच्या अर्जावरून तिथल्या उच्च न्यायालयाने २०१७ साली ते लग्न रद्द ठरवले. २०१८ साली सर्वोच्च न्यायालयाने तो निकाल फिरवला, आणि सज्ञान माणसाने कोणाशी लग्न करावे, कोणता धर्म पाळावा हे ठरवणे त्याचे त्याच्याकडे आहे, असे सांगितले. मुलगी चुकत असेल असे बापाला वाटू शकते, आपल्यालाही वाटेल. तरी ते ठरवणे बापाकडे नाही.

माझ्या भाचीला तिसरा साक्षीदार ऐन वेळी कचेरीच्या आवारातच मिळाला. चहाच्या गाडीवरचे कोणी काका होते, त्यांना तिचे नावही ठाऊक नव्हते. हे तिनेच मला नंतर फोनवर हसत सांगितले. मी हसले नाही. ती आता पुण्याच्या बाजूला असते, तिला सहा महिन्यांचा मुलगा आहे. बहीण अजून तिच्याशी बोलत नाही.

यंदाच्या सहलीसाठी मी मंडळात केडगावचे नाव सुचवले आहे. दौंड-पुणे मार्गावर स्टेशन आहे, जेजुरीही त्याच वाटेने होईल, म्हणजे कोणाची तक्रार राहणार नाही. त्या दिवशी तिथे ये, बाळालाही आण, असे मी भाचीला कळवले आहे. बघते मावशी, एवढेच ती म्हणाली. सहलीला येणाऱ्या भगिनींनी आपली नावे या महिनाअखेर माझ्याकडे द्यावीत.